कोर्टात इचारतील

माझ्या स्वयंपाकघराच्या दारात अकरा वर्षं एक माणूस जवळजवळ रोज उभा राहिला आणि त्याने एकदाही चहा घेतला नाही. चहा सोडाच, पाणीही नाही. खांद्याला खाकी पिशवी असायची. तिच्यात पाने, पक्कड, टेस्टर आणि स्वतःची पाण्याची बाटली. मी विचारायचे, "भाऊ, चहा टाकू?" ते म्हणायचे, "नगं ताई. कोर्टात इचारतील." मग खिळ्याला अडकवलेली पंपरूमची किल्ली घेऊन जिना उतरायचे.

मी वराळ्याच्या आमच्या सोसायटीची सेक्रेटरी. हे पद कुणालाच नको असतं म्हणून ते माझ्याकडे आलं आणि राहिलं. पोटापाण्याला तळेगाव स्टेशनजवळ माझं झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान आहे. भाडेकरार, लग्नपत्रिका, अर्ज, मानपत्रं, सगळं तिथे होतं. हे आधीच सांगते, कारण पुढे जे झालं त्यात माझ्या दुकानाचा आणि माझा हात आहे.

आम्ही त्यांना फिटरभाऊ म्हणायचो. मूळचे इंदुरीकडचे. सोसायटीच्या मागच्या गल्लीत दोन खोल्या भाड्याने घेऊन नवरा-बायको राहायचे. जवळच्या नवलाख उंबरे गावच्या एका कारखान्यात ते मेंटेनन्सला फिटर होते. तिथे पत्रा कापायचे मोठे प्रेस होते. एका प्रेसचा गार्ड, म्हणजे हात आत जाऊ नये म्हणून लावलेली जाळी, उत्पादन वाढावं म्हणून काढून ठेवला होता. फिटरभाऊंनी दोनदा तोंडी सांगितलं, एकदा लिहून दिलं. मग एका सकाळी एका कामगाराची दोन बोटं गेली. दुसऱ्या दिवशी गार्ड न बसवताच प्रेस सुरू करायला सांगितला, तेव्हा ह्यांनी फ्यूज काढले, खिशात घातले आणि शिफ्ट सुटेपर्यंत दिले नाहीत. त्यावर आरोपपत्र, कंपनीतल्या कंपनीत चौकशी आणि बडतर्फी. 'यंत्रसामग्रीशी हेतुपुरस्सर छेडछाड' असं त्या पत्रात लिहिलेलं होतं. मी त्या पत्राच्या इतक्या झेरॉक्स काढल्या आहेत, की ते वाक्य मला पाठ आहे.

त्यांनी कामगार न्यायालयात दावा लावला. मागणी तीन गोष्टींची: कामावर परत घ्या, मधली वर्षं नोकरीत धरा आणि मधल्या सगळ्या काळाचा पगार द्या. पहिल्याच भेटीत वकिलांनी त्यांना बजावलं की मधल्या काळात दुसरीकडे कमाई केली असं दिसलं, तर मागचा पगार मिळणार नाही. तेव्हा सांभाळून राहा. हे वाक्य प्रत्येक वकील प्रत्येक बडतर्फ कामगाराला सांगतो आणि ऐकणाऱ्याला त्याचा अर्थ बरोबर कळतो. त्याच कारखान्यातून वेगवेगळ्या कारणांनी निघालेले आणखी चौघे होते. एकजण रिक्षा चालवायचा, एकजण भाजी विकायचा, दोघे चाकणला दुसऱ्याच्या नावावर कामाला जायचे. कोर्टात चौघांनीही आपण बेकार असल्याचं शपथेवर सांगितलं आणि दोन-तीन वर्षांत कंपनीशी तडजोड करून आपापली रक्कम घेऊन मोकळे झाले.

फिटरभाऊंनी वाक्य जसं ऐकलं तसंच घेतलं. कमाई करायची नाही म्हणजे नाही. एक रुपयासुद्धा नाही, आणि रुपयाच्या किमतीची वस्तूही नाही.

आमची ओळख झाली ती मोटार जळाली तेव्हा. सोसायटीत तीन दिवस पाणी नव्हतं, इलेक्ट्रिशियन आज येतो उद्या येतो करत होता आणि बायका गल्लीतल्या नळावरून बादल्या आणत होत्या. हे आपले पिशवी घेऊन आत आले, कुणाला न विचारता पंपरूममध्ये गेले आणि दुपारपर्यंत पाणी वर चढवलं. मी पैसे पुढे केले तर दोन पावलं मागे सरकले, जणू मी गरम तवा पुढे केला होता. मला वाटलं, भिडस्त माणूस आहे. दुसऱ्या दिवशी सकाळी सातला दहा मिनिटं कमी असताना परत हजर. "काल बसवलंय, आज बघाया पायजे," म्हणाले. तेव्हापासून येतच राहिले.

त्यांना मोटारीचं नुसत्या आवाजावरून कळायचं. लांब स्क्रू-ड्रायव्हरचं टोक मोटारीच्या बेअरिंगवर टेकवायचे, मूठ कानाला लावायचे आणि डोळे मिटून उभे राहायचे. मग म्हणायचे, "महिनाभर चालंल. मंग रडंल." महिन्याने ते बेअरिंग बरोबर रडायला लागायचं. आम्ही सामान आणून द्यायचो, ते बसवायचे. सामान मात्र कधी स्वतः आणायचे नाहीत. पैसे हातातून जाऊ नयेत म्हणून.

त्यांच्या या कामाला वेळ होती. सात ते साडेतीन. कंपनीची पहिली शिफ्ट. साडेअकराला अर्धा तास जेवण. गुरुवारी सुट्टी, कारण एमआयडीसीत गुरुवारची सुट्टी. मी एकदा विचारलं की बाबा, तुम्हाला कुणी बांधून घातलंय का? तर म्हणाले, "सवय मोडली की मानूस मोडला. उद्या आर्डर झाली आन् सात वाजता हुबं ऱ्हायला जमलं न्हाई, तर काय उपेग? त्यो टाइम कंपनीचा हाय ताई. सध्या तुमच्याकडं ठेवलाय."

एकदा तीन वाजून पंचवीस मिनिटांनी गच्चीवरच्या टाकीचा व्हॉल्व्ह तुटला आणि पाणी धो धो वाहायला लागलं. ते वर होते. पाच मिनिटं खटपट केली, मग वॉचमनला मेन कॉक बंद करायला सांगितलं, हत्यारं पुसून पिशवीत भरली आणि गेटवरच्या रजिस्टरमध्ये वेळ लिहवून घरी गेले. सकाळी सातला येऊन व्हॉल्व्ह बसवला. आमचे चेअरमन बँकेतून निवृत्त झालेले. त्यांचा संताप झाला. फुकट काम करतो आणि वर तोरा दाखवतो, असं ते चार लोकांत बोलले. 'फुकट' हा शब्द तेव्हा त्यांच्या तोंडी अगदी सहज आला होता. तोच पुढे कागदावर उतरवायला ते तयार झाले नाहीत.

रजाही ते सांगून घ्यायचे. "ताई, उद्या माजी सी.एल." मी म्हणायचे, अहो, घ्या की, मला कशाला सांगता? ते गंभीरपणे म्हणायचे, "न सांगता ऱ्हायलं तर गैरहजेरी लागती." डिसेंबर संपताना हळहळायचे की या वर्षी तीन सी.एल. वाया गेल्या. सोसायटीतल्या पोरांनी त्यांचं वाक्य उचललं होतं. कुणी कुणाला चॉकलेट दिलं की दुसरा म्हणायचा, नको, कोर्टात इचारतील. फिटरभाऊ ते ऐकून हसायचे. चिडले नाहीत कधी.

मी स्कूटरवर स्टेशनकडून येताना ते रस्त्याने चालत दिसायचे. मी थांबले तर ते नकाराची मान हलवायचे. पेट्रोल माझं, म्हणजे ती सवलत झाली. दिवाळीच्या फराळाचा डबा जसाच्या तसा परत यायचा. बायकोलाही घेऊ द्यायचे नाहीत. घरात आलं म्हणजे मलाच मिळालं, हा त्यांचा हिशोब. वहिनींनी मला एकदा सांगितलं की एका दिवाळीला त्यांनी डब्यातले चार लाडू काढून घेतले होते आणि कामाच्या बसमध्ये मैत्रिणींबरोबर खाल्ले होते. "चोरी केल्यावानी खाल्लं ताई. पन लय गोड लागलं."

द्यायला मात्र त्यांची ना नसायची. कोर्टाच्या कागदांच्या झेरॉक्स माझ्या दुकानात काढायचे आणि पै न पै मोजून द्यायचे. एकदा मी वीस पानांच्या ठिकाणी दहाचे पैसे लावले. ते स्टेशनपर्यंत गेले, पानं मोजली आणि परत येऊन उरलेले पैसे काउंटरवर ठेवले. मी म्हटलं, राहू द्या ना. "तुमचं ऱ्हाईल ताई, माजं जाईल," म्हणाले.

आता घर कसं चालायचं? वहिनींवर. इथे गुलाबाची पॉलिहाउसं आहेत. वहिनी तिथे ग्रेडिंगला होत्या. दांडीची लांबी बघायची, खालची पानं-काटे काढायचे, वीस-वीसची जुडी बांधायची आणि हे सगळं थंड खोलीत उभ्याने. जानेवारी-फेब्रुवारीत परदेशात माल जातो तेव्हा दिवसाला दहा-बारा तास. त्यांच्या बोटांवर काट्यांचे इतके बारीक काळे ठिपके होते, की धुऊनही हात मळका दिसायचा. घोटे कायम सुजलेले. फिटरभाऊ त्यांच्या हातांकडे बघायचे नाहीत. दर तारखेला पुण्याला जायच्या आधी मला एकच सांगायचे: "मागला पगार हातात आला, की हिचं गुलाब बंद." अकरा वर्षं हा माणूस कशासाठी जगला असं कुणी विचारलं तर माझ्याकडे हे एवढंच उत्तर आहे. कामावर परत जाणं हा त्यांच्या इज्जतीचा प्रश्न होता. मागचा पगार हा बायकोच्या घोट्यांचा प्रश्न होता.

वहिनींना हे पटलेलं नव्हतं. चौथ्या-पाचव्या वर्षी माझ्या एका गिऱ्हाइकाला लोणावळ्याच्या बंगल्यावर माणूस हवा होता. पोहण्याचा तलाव, जनरेटर, दोन पंप. राहायला खोली, पगार चांगला, शिवाय बायकोला बंगल्यावरच हलकं काम. मी फिटरभाऊंचं नाव सुचवलं, मालक एका पायावर तयार झाला. मी व्यवहारी माणूस आहे. मला वाटलं, प्रश्न सुटला. फिटरभाऊंनी पूर्ण ऐकून घेतलं आणि विचारलं, "फुकट चालंल का त्यास्नी?" मालक हसला. त्याला वाटलं, विनोद आहे. पगाराशिवाय ठेवायला तो तयार नव्हता, कारण फुकट राहणाऱ्या माणसावर त्याचा विश्वास बसेना. वहिनी नवऱ्याशी महिनाभर बोलल्या नाहीत. नंतर माझ्या दुकानात येऊन म्हणाल्या, "ह्यांचं लगीन कोर्टासंगं लागलंय ताई. मी आपली भाडेकरू."

मी त्यांना समजावलं का? एकदा. म्हटलं, भाऊ, सगळे करतात, तुम्हीही करा, कोण बघतंय? त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मी परत कधी तो विषय काढला नाही. "शपथंवर सांगायचं हाय न्हवं," म्हणाले. "मंग खरंच नसाय नको का?"

आणि हेही लिहायला हवं, की आम्हाला ते सोयीचं होतं. आमच्या सोसायटीचा मेंटेनन्स आसपासच्या सगळ्या सोसायट्यांपेक्षा कमी होता. सभेत मी ते अभिमानाने सांगायचे.

मग निकाल लागला. तिन्ही मागण्या मान्य. कामावर घ्या, नोकरी सलग धरा, मागचा सगळा पगार द्या. त्या दिवशी मी पहिल्यांदा त्यांना साडेतीननंतर सोसायटीच्या आवारात पाहिलं. निकालाचा कागद दाखवायला आले होते. मी म्हटलं, आता तरी चहा घ्या. म्हणाले, "पैसं हातात येऊं द्या ताई. मंग हितं बसून कप भरून पितो."

सोसायटीने ठरवलं की आता ते कामावर जाणार, तर त्यांचा सत्कार करू. सव्वीस जानेवारीला झेंडावंदन झाल्यावर शाल, श्रीफळ, मानपत्र आणि पाकीट. मानपत्राचं काम अर्थातच माझ्याकडे. आदल्या दिवशी दुकानात गर्दी होती. माझ्याकडे मानपत्रांचे तयार मसुदे असतात; नाव बदलायचं, वर्षं बदलायची, प्रिंट काढायची. रात्रशाळेच्या एका निवृत्त शिक्षकांसाठी केलेला मसुदा मला चांगला आठवत होता, तोच उघडला. 'अध्यापनकार्य' काढून 'पाणीपुरवठ्याचे कार्य' घातलं. 'गेली बावीस वर्षे'च्या जागी 'गेली दहा वर्षे'. खाली सेक्रेटरी म्हणून सही केली. पुढची ओळ वाचायची राहिली. ती अशी होती: 'अत्यल्प मानधनावर, नियमितपणे व निष्ठेने आपण हे कार्य करीत आला आहात.'

शिक्षकांना मानधन होतं. ह्यांना नव्हतं.

कार्यक्रमात त्यांनी शाल घेतली नाही, तिला किंमत असते. नारळ घेतला नाही. पाकिटाला हात लावला नाही. चेअरमन ताटकळले, लोक हसायला लागले. शेवटी फ्रेम केलेलं मानपत्र पुढे केलं तेव्हा फिटरभाऊ म्हणाले, "ह्यो कागदच हाय. कागद घेतो." लोकांनी टाळ्या वाजवल्या. एकाने फोटो काढला. कार्यक्रम संपल्यावर ते माझ्याकडे आले आणि फ्रेमचे किती झाले ते विचारून तेवढे पैसे मला दिले. अकरा वर्षांत आमच्याकडून त्यांनी घेतलेली ती एकमेव गोष्ट.

फोटो सोसायटीच्या ग्रुपवर गेला, तिथून एका स्थानिक बातमीपत्रात. फोटोत मानपत्र इतकं स्पष्ट आलं होतं, की प्रत्येक ओळ वाचता येत होती.

कंपनी उच्च न्यायालयात गेली आणि त्या बातमीचं कात्रण अर्जाला जोडलं. दीडेक वर्षाने उच्च न्यायालयाने सांगितलं की कामावर घेण्याचा आदेश बरोबर आहे, पण मागच्या पगाराचा मुद्दा कामगार न्यायालयाने पुन्हा तपासावा. या माणसाला मधल्या काळात कमाई होती का, ते पाहावं.

मला हे कळलं ते वकिलांकडून. ते दुकानात आले, कात्रण काउंटरवर ठेवलं आणि त्या ओळीवर बोट ठेवून विचारलं, "बाई, हे काय लिहून ठेवलंत?" मी ओळ वाचली. मग परत वाचली. बाहेर एक गिऱ्हाईक आधार कार्डाची झेरॉक्स मागत होतं, ती काढून दिली.

फिटरभाऊ माझ्यावर चिडले नाहीत. "टायपात चूक व्हती," एवढंच म्हणाले. त्यांना खरंच वाटत होतं की चूक सांगितली की चूक निघते. खरं म्हणजे मलाही तसंच वाटत होतं.

मी कमिटीकडे गेले. सोसायटीच्या लेटरहेडवर चार ओळी द्या, की या माणसाने आमच्याकडे पैसे न घेता काम केलं. चेअरमन म्हणाले, "अकरा वर्षं एक माणूस फुकट राबवला, असं लिहून देऊ? उद्या तोच कागद घेऊन पीएफवाले दारात येतील. मानधन दिलं असं लिहिलंय तेच आपल्याला बरं आहे." कमिटीतल्या सगळ्यांनी मान हलवली. वाईट माणसं नव्हती. पाणी सगळ्यांच्या नळाला येत होतं. लेटरहेड मिळालं नाही. मात्र कोर्टाने गेटचं रजिस्टर मागवलं तेव्हा ते लगेच पाठवलं, कारण समन्स होतं. त्यात अकरा वर्षं रोज लिहिलेलं होतं: पंपवाले, आत सहा पन्नास, बाहेर साडेतीन. गुरुवार कोरा.

दरम्यान ते कामावर रुजू झाले होते. निवृत्तीला दोन वर्षं उरली होती. नवी चप्पल घेतली होती, पहिल्या दिवशी सहा वाजताच बसस्टॉपवर. कंपनीने त्यांना मेन गेटशेजारी एक स्टूल दिलं. काम काही नाही. हजेरी लावायची, बसायचं, साडेतीनला जायचं. हत्यारं देत नव्हते, शेडमध्ये सोडत नव्हते. पहिल्या महिन्यातच त्यांची मान खाली आली. मला म्हणाले, "गेटापास्नं आयकू येतं ताई. तीन नंबरच्या प्रेसचं बेअरिंग गेलंय. सायबाला सांगितलं. म्हनला, तुमचं काम न्हाई ते." मग आपले तळवे उलटसुलट करून बघत राहिले. "अकरा वर्सं हात मोडू दिला न्हवता. आता मोडला."

साक्षीला मी स्वतःच्या जबाबदारीवर गेले. दुकान दिवसभर बंद ठेवलं. कंपनीचे वकील अतिशय सभ्य होते, मला प्रत्येक वाक्यात मॅडम म्हणत होते. हे गृहस्थ ठरलेल्या वेळेला यायचे का? हो. साप्ताहिक सुट्टी घ्यायचे? हो. रजा सांगून घ्यायचे? हो. आणि तुम्ही काहीच दिलं नाही? नाही. चहासुद्धा? नाही. कोर्टात कुणीतरी हसलं. मग त्यांनी मानपत्र माझ्या हातात दिलं.

"ही सही तुमची?"

"हो."

"यातलं मानधनाचं वाक्य खोटं आहे?"

"हो. मसुद्यातून आलं."

"म्हणजे खोट्या मजकुराखाली तुम्ही सही करता, मॅडम. आज जे सांगताय त्याखालीही तुमचीच सही आहे."

मी फिटरभाऊंकडे पाहिलं. ते बाकावर ताठ बसले होते, हात गुडघ्यांवर, शाळेत बसतात तसे. त्यांची स्वतःची साक्ष झाली तेव्हा त्यांना विचारलं, की अकरा वर्षं कुणी फुकट काम का करील? ते म्हणाले, "कोर्टात इचारतील म्हनून." न्यायाधीशांना वाटलं, प्रश्न कळला नाही. परत विचारला. त्यांनी परत तेच उत्तर दिलं.

निकालात लिहिलं होतं की नियमित वेळ, साप्ताहिक सुट्टी, रजा आणि खुद्द सेक्रेटरीच्या सहीचा कागद पाहता अर्जदार नियमित मोबदल्यावर कामाला होता असं दिसतं. कोणताही समंजस माणूस इतकी वर्षं विनामोबदला काम करणार नाही. मागचा पगार नामंजूर. कामावर घेण्याचा आदेश कायम.

म्हणजे गेटजवळचं स्टूल कायम.

त्या निकालाच्या तीन झेरॉक्स त्यांनी माझ्याच दुकानात काढल्या. पैसे दिले. मी घेतले, कारण न घेणं हा त्यांचा अपमान झाला असता. वकील म्हणाले, वर जाता येईल, चार-पाच वर्षं लागतील. फिटरभाऊंनी कागद घडी घालून पिशवीत ठेवले आणि म्हणाले, "पुरं." वकील माझ्याजवळ नंतर थोडे वैतागून बोलले. त्या चौघांना जमलं ते याला जमलं नाही, म्हणाले. ज्यांनी कमावलं ते बेकार ठरले आणि ज्याने कमावलं नाही तो कामाला होता असं ठरलं. मी त्यांना त्यांच्या पहिल्या वाक्याची आठवण करून दिली नाही. माझ्याकडे माझी ओळ होती.

मानपत्र त्यांनी मला परत आणून दिलं. नुसता कागद. फ्रेमचे पैसे त्यांनी दिलेले, म्हणून ती ठेवून घेतली. आता तिच्यात वहिनींनी पॉलिहाउसकडून मिळालेलं कॅलेंडरचं चित्र लावलंय. अर्थात गुलाबाचं.

गेल्या महिन्यात आमच्या पंपाचा स्टार्टर जळाला. आता आमच्याकडे कंत्राटी इलेक्ट्रिशियन आहे, मेंटेनन्स वाढला आहे आणि इलेक्ट्रिशियन फोन उचलत नाही. मी फिटरभाऊंना बोलावलं नव्हतं. वॉचमनने सांगितलं असावं. चार वाजता, शिफ्ट सुटल्यावर, ते दारात आले. किल्ली घेतली. तासाभराने पाणी चढलं. किल्ली परत द्यायला आले तेव्हा मी ओट्याशी उभी होते. मी विचारलं नाही. विचारायचं मी बंद केलं होतं.

ते म्हणाले, "ताई, चहा टाका."

खुर्ची ओढून बसले. मी चहा टाकला. त्यांनी तो सगळा प्यायला, घाई न करता, कप खाली ठेवला आणि समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाले, "व्हिजिटचं तीनशे झालं."

मी पैसे आणले. त्यांनी घेतले नाहीत. आधी सोसायटीचं व्हाउचर बुक मागितलं. तारीख, नाव, काम, रक्कम, सगळं मला लिहायला लावलं, प्रत्येक ओळ बोट ठेवून वाचली आणि खाली सही केली. मी म्हटलं, भाऊ, याची काय गरज आहे आता?

"कोर्टानं लिवून ठेवलंय, म्या पैसं घेतो म्हनून," ते म्हणाले. "कोर्टाला कशाला खोटं पाडायचं?"

मग शंभराच्या तीन नोटा घडी करून वरच्या खिशात ठेवल्या आणि पिशवी खांद्याला लावली. दारात थांबून त्यांनी मला विचारलं की स्टेशनच्या बाजारात काटे लागणार नाहीत असले हातमोजे कुठे मिळतात. पॉलिहाउसवाले वर्षाला एकच जोड देतात आणि तो तीन महिन्यांत फाटतो.

"हिला अजून धा वर्सं तरी लागतील," म्हणाले, आणि जिना उतरून गेले.